पोटगी वाढवून मागताना

श्रोतेहो, पाचाड म्हटले की जिजाऊंची समाधी आठवते. गडावरचा गार वारा आईला सोसत नाही, म्हणून महाराजांनी पायथ्याशी तिच्यासाठी वाडा बांधला, असे सांगतात. जिथे अशी काळजी आपणहून घेतली जात नाही, तिथे कायदा येतो. त्या कायद्याने बायकोला, मुलांना आणि म्हाताऱ्या आईबापांनाही पोटगी मागता येते. आज बोलायचे आहे ते एकदा ठरलेली पोटगी वाढवून घेण्याविषयी.

आपल्या महाड-पोलादपूरकडचे पुरुष पिढ्यान्‌पिढ्या मुंबईला पोटासाठी गेले. एखाद्या घरी पैसे येणे बंद होते आणि बाईला कोर्टाची पायरी चढावी लागते. समजा, दहा वर्षांपूर्वी तिला महिना पंधराशेचा हुकूम मिळाला. तेव्हा मुलगा बालवाडीत होता, आता दहावीला आहे. नवरा तेव्हा हंगामी कामगार होता, आता कायम झाला आहे. पंधराशे मात्र पंधराशेच! बाई म्हणते, "कोर्टानं ठरवलं ते ठरलं, आता काय बोलायचं?"

हा समज चुकीचा आहे. पोटगीची रक्कम आपोआप वाढत नाही हे खरे; पण परिस्थिती बदलली तर ती बदलून मागता येते. 1973 च्या फौजदारी प्रक्रिया संहितेत त्यासाठी कलम 127 होते. 1 जुलै 2024 पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू झाली आणि तेच काम आता कलम 146 करते. ज्या कोर्टाने मूळ हुकूम दिला, तिथेच अर्ज करावा. मात्र हा दरवाजा दोन्ही बाजूंनी उघडतो बरं का! नोकरी गेली, आजार जडला, तर नवराही रक्कम कमी करून मागू शकतो.

पहिलाच हुकूम तुटपुंजा वाटला, तर वाट निराळी. तेव्हा मुदतीत वरच्या कोर्टात जावे लागते. इंदूरच्या शाहबानो यांना 1979 साली महिना अवघे 25 रुपये मंजूर झाले होते. त्या वर गेल्या आणि 1980 मध्ये उच्च न्यायालयाने ती रक्कम 179 रुपये 20 पैसे केली. 1985 साली सर्वोच्च न्यायालयात गाजला तो हाच खटला.

त्या काळी कायद्यानेच रकमेला कुंपण घातले होते. 1955 साली मर्यादा पाचशेची झाली, आणि महागाई कुठच्या कुठे गेली तरी केंद्राच्या कायद्यात ती 2001 पर्यंत तशीच राहिली. माझ्या मते हा बायकांवर झालेला मोठाच अन्याय होता. आज तशी मर्यादा नाही. पगाराचा चौथा हिस्सा मिळतोच, असे पारावर कुणी सांगितले तर तेही खरे मानू नका. कायद्यात असा ठरीव आकडा नाही. नवऱ्याची मिळकत, त्याच्यावरचा इतरांचा भार, बाईची स्वतःची कमाई आणि मुलांचा खर्च, हे सारे न्यायाधीश पाहतात.

"त्याचा पगार मला कसा कळणार?" हा प्रश्न हमखास येतो. नागपूरच्या कुटुंब न्यायालयातून वर गेलेल्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 4 नोव्हेंबर 2020 रोजी याची सोय केली. पोटगीच्या दाव्यात दोघांनीही आपली मिळकत, मालमत्ता आणि कर्ज प्रतिज्ञापत्रावर सांगायचे. तेव्हा बाईनेही आपली शिवणकामाची किंवा मजुरीची कमाई लपवू नये. लपवलेले उघडकीस आले, तर खरी गरजही खोटी वाटू लागते.

शिक्षकांना एक विनंती. अशा मुलाच्या फीची पावती, शाळेचा दाखला, वह्यापुस्तकांचा खर्च हे कागद आईला वेळेवर द्या. खर्च वाढला हे नुसते सांगून भागत नाही, दाखवावे लागते. वकिलाची फी परवडत नसेल, तर तालुका विधी सेवा समितीकडे जावे. 1987 च्या कायद्याप्रमाणे कोणत्याही स्त्रीला तिची मिळकत न पाहता मोफत वकील मिळतो. 15100 या क्रमांकावर फोन करूनही विचारता येते.

आणखी एक. वाढीचा अर्ज चालू आहे म्हणून जुनी थकबाकी साचू देऊ नका. थकलेल्या रकमेच्या वसुलीचे वॉरंट हवे असेल, तर ती देय झाल्यापासून एक वर्षाच्या आत अर्ज करावा लागतो. म्हणून मूळ हुकमाची सहीशिक्क्याची नक्कल आणि बँकेचे पासबुक एकाच पिशवीत ठेवा, आणि पैसे ज्या महिन्यात आले नाहीत तो महिना मुलाकडून वहीत लिहून घ्या.