स्मिता पाटील आणि एका खेड्याचा प्रश्न



स्मिता पाटीलचं नाव निघालं की आपण तिच्या डोळ्यांबद्दल बोलू लागतो. आज मला तिच्या कामातला एक प्रश्न तुमच्यापुढे ठेवायचा आहे. दुसऱ्याचं दारिद्र्य पडद्यावर उभं करायचा अधिकार नटीला कुठून मिळतो?

मुंबई दूरदर्शनवर मराठी बातम्या वाचणारी ही मुलगी श्याम बेनेगलांकडे गेली आणि १९७६ साली ‘मंथन’मध्ये बिंदू झाली. या चित्रपटासाठी गुजरातच्या ५ लाख दूध उत्पादकांनी प्रत्येकी २ रुपये घातले. ज्यांची गोष्ट, तेच निर्माते! तिथं या प्रश्नाचं निम्मं उत्तर आधीच मिळालेलं होतं.

सगळीकडे तसं नव्हतं. ‘चक्र’मधल्या झोपडपट्टीतल्या अम्मासाठी तिला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पण उघड्यावर अंघोळ करणाऱ्या त्याच अम्माचं दृश्य गल्ला भरण्यासाठी जाहिरातीत वापरलं गेलं. वस्तीतल्या बाईवर रोज जी वेळ येते, तिचाच बाजार मांडला गेला. स्मितानं त्याबद्दलची नाराजी जाहीरपणे बोलून दाखवली, याचं मोल मला पुरस्काराहून कमी वाटत नाही.

दिग्दर्शक मृणाल सेन यांनी हा प्रश्न थेट तिच्यापुढेच उभा केला. १९८० च्या ‘आकालेर संधाने’मध्ये ती स्मिता नावाच्या नटीचीच भूमिका करते. १९४३ च्या बंगालच्या दुष्काळावर चित्रपट करायला कलकत्त्याहून एक चमू खेड्यात उतरतो. संध्याकाळी गप्पांमध्ये स्मिता भुकेल्या माणसांची छायाचित्रं दाखवते आणि हा दुष्काळ कोणत्या सालचा, ते इतरांना ओळखायला लावते. मोठी माणसं हसत हसत हा खेळ खेळतात. बघताना अंगावर काटा येतो. इकडे त्या चमूच्या जेवणावळींनी गावच्या बाजारातले भाव चढतात. दुष्काळ चित्रित करायला आलेल्यांनीच टंचाई आणली, असं गाव म्हणू लागतं.

आणि दुर्गा. परिस्थितीनं गांजलेली, चमूकडे कामाला येणारी गावातली बाई. चित्रीकरण चालू असताना दृश्यातला नवरा तान्ह्या मुलाला उचलून आदळायला निघतो, आणि बघ्यांत उभी असलेली दुर्गा किंचाळते. तिच्यासाठी तो अभिनय नसतो. श्रीला मजुमदारनं साकारलेली ही दुर्गा आणि स्मिता समोरासमोर येतात, तेव्हा कीर्तीच्या शिखराकडे निघालेली नटी स्वतःच्या कलेची झडती घेऊ देते. हे धाडस आपण पुरेसं ओळखलेलं नाही, असं मी ठामपणे म्हणतो. शेवटी तो चमू काम अर्धवट टाकून गाव सोडतो.

यानंतर ‘उंबरठा’ पाहा. जब्बार पटेलांच्या या चित्रपटात स्मितानं साकारलेली सुलभा महाजन महिलाश्रमाची अधीक्षक होऊन जाते. तिचा सगळा भर बायकांचं ऐकून घेण्यावर आहे. नोंदवही, चौकशी, वरिष्ठांचे दबाव यांच्यामधून ती प्रत्येकीकडे बघते ते उपकाराच्या भावनेनं नव्हे. राष्ट्र सेवा दलाच्या संस्कारातून आलेल्या स्मिताला ही बाई आतून माहीत असावी.

१३ डिसेंबर १९८६ रोजी, एकतिसाव्या वर्षी ती गेली. तिची भूमिका असलेला केतन मेहतांचा ‘मिर्च मसाला’ त्यानंतर प्रदर्शित झाला.

‘मंथन’ची दुरुस्त केलेली प्रत २०२४ साली कान महोत्सवात दाखवली गेली आणि नंतर आपल्याकडच्या चित्रपटगृहांतही लागली. तशीच संधी दुसऱ्या चित्रपटालाही मिळावी म्हणून संयोजकांना माझी विनंती आहे: पुढच्या वर्षी या व्याख्यानमालेतली एक संध्याकाळ व्याख्यानाऐवजी ‘आकालेर संधाने’ला द्या, आणि नंतर चर्चेसाठी तासभर मोकळा ठेवा.