ओळखीचा चेहरा, अनोळखी नाव

(छत्रपती संभाजीनगर येथील व्याख्यानाचा संपादित अंश)

प्रा. लक्ष्मण देशपांडे ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये एकट्याने ५२ व्यक्तिरेखा उभ्या करीत, हे या नगराला सांगायला नको. आज दुसऱ्या एका प्राध्यापकाविषयी बोलायचे आहे. त्यांनी सव्वाशेच्या आसपास चित्रपट केले, तरी नाव पुष्कळांना ठाऊक नव्हते. ते अच्युत पोतदार.

जन्म १९३४ चा, जबलपूरचा. रीवा येथे प्राध्यापकी, मग सैन्यात कॅप्टन. १९६७ साली गणवेश उतरवला आणि पुढे इंडियन ऑइलमध्ये सुमारे पंचवीस वर्षे नोकरी. चित्रपटात आले ते चव्वेचाळिशीत, नोकरी सांभाळूनच. ‘आक्रोश’, ‘अर्धसत्य’, ‘परिंदा’. दूरदर्शनवर ‘भारत एक खोज’. पोट भूमिकांवर अवलंबून नव्हते, म्हणूनच लहान भूमिकेचा संकोचही नसावा, असे मला वाटते.

‘थ्री इडियट्स’मधला (२००९) पुस्तकाची लांबलचक व्याख्या ऐकून वैतागणारा प्राध्यापक आठवा. काम दोन-चार मिनिटांचे! पण तो वैताग फळ्यासमोर खरोखर उभ्या राहिलेल्या माणसाचा आहे. नुसत्या तालमीने तो येत नाही. तरुणांनी तो संवाद तोंडपाठ केला, नाव मात्र विचारले नाही. १८ ऑगस्ट २०२५ रोजी पोतदार गेले, तेव्हाही त्यांची ओळख सांगताना तोच प्राध्यापक पुढे करावा लागला.