कांद्याच्या वाट्या



आषाढ शुद्ध नवमीला महाराष्ट्रांत कांदेनवमी म्हणतात. दोन दिवसांनीं एकादशी, आणि तेथून कार्तिक शुद्ध एकादशीपर्यंत चातुर्मास. या चार महिन्यांत कांदा, लसूण व वांगें वर्ज्य करण्याची चाल पुष्कळ घरांतून होती आणि कांहीं घरांतून ती अद्यापि आहे. पुढें चार महिने ज्याचा विरह सोसावयाचा त्याला आधीं मनसोक्त भेटून घ्यावें, हा या नवमीचा सरळ हेतु. म्हणून त्या दिवशीं भजीं, थालीपीठ, झुणका असे पदार्थ होतात. चातुर्मासाचें व्रत ज्यांच्या घरांतून गेलें त्यांच्याही घरून नवमी मात्र गेलेली नाहीं, हें मनुष्यस्वभावास धरूनच आहे.

माटुंग्यासारख्या वस्तींत कांदेनवमीची संध्याकाळ म्हणजे बाहेर पावसाची झड, दिवाणखान्यांत आठदहा पाहुणे आणि स्वयंपाकघरांत भज्यांची कढई. भज्यांची थोरवी कोण नाकारील? परंतु या पदार्थांत एक मोठें वैगुण्य आहे. भजें कढईंतून निघाल्यावर पांचसात मिनिटांत खाल्लें तरच त्याची गोडी. निवालें कीं तें मऊ पडतें. त्यामुळें पाहुणे खात असतील तोंपर्यंत कोणाला तरी कढईपुढें उभें राहावें लागतें, आणि तें कोणाला हें सांगावयास नको. पाहुणे जिला भेटावयास आलेले असतात ती घरची गृहिणीच सर्वांचें खाणें आटोपेपर्यंत त्यांच्या दृष्टीस पडत नाहीं. ती पदराला हात पुशीत बाहेर येते तेव्हां मंडळी घड्याळाकडे पाहूं लागलेली असतात. भज्यांचें कौतुक होतें, पण गप्पा तिच्यावांचून होऊन गेलेल्या असतात. चार माणसांनीं एकत्र बसावें म्हणून बोलावणें करावयाचें आणि बोलावणारीनेंच त्यांत नसावें, हें पाहुणचाराचें कोणतें शास्त्र?

कांदा तर हवा, पण गृहिणीची कढईपासून सुटका व्हावी, अशी इच्छा असेल तर कांद्याच्या खुसखुशीत वाट्या करून पाहाव्या. यांनाच टार्टलेट असें नांव आहे. मैद्याच्या पारीची दोन घांसांत संपेल एवढी वाटी करून ती भाजावयाची, तींत मंद आंचेवर शिजविलेला कांदा भरावयाचा, आणि पुन्हां थोडा वेळ भाजून ऊन ऊन पुढें ठेवावयाची. फ्रान्सच्या पूर्व सीमेवरील आल्सास प्रांतांत साय व अंडीं घालून केलेला कांद्याचा मोठा टार्ट प्रसिद्ध आहे. दक्षिणेस नीस शहरांत पावाच्या कणकेवर कांदा पसरून, वर खारविलेले बारीक मासे व ऑलिव्ह मांडून भाजतात. त्याला पिसालादिएर म्हणतात. परंतु भाजलेला तिखटमिठाचा पदार्थ मुंबईलाही परका नाहीं. पाठारे प्रभूंच्या घरचें भानोलें हा तसाच पदार्थ होय. कोबी, कोळंबी व बेसन कालवून, खालीं वर निखारे ठेवून तें भाजीत आणि वड्या कापून वाढीत. मैदा, तूप व साखर घेऊन बेकरींत जावें आणि डबाभर नानकटाई भाजून आणावी, ही चालही मुंबईंतील अनेक घरांनीं पाहिलेली आहे. कांद्याच्या वाटीची पारी नानकटाईच्या कुळांतली, आणि सारणाचें नातें भानोल्याशीं.

आतां कांद्याची निवड. लासलगांवच्या बाजारपेठेमुळें प्रसिद्ध असलेल्या नाशिक जिल्ह्यांत कांद्याचे तीन हंगाम होतात. खरिपाचा तो पोळ, त्यामागून येणारा रांगडा, आणि रब्बीचा तो उन्हाळ. पोळ कांद्यांत पाणी फार, आणि तो टिकतही नाहीं. उन्हाळ कांदा चैत्र-वैशाखाच्या सुमारास निघतो, शेतकरी तो हवेशीर चाळींत भरून ठेवतात, आणि आषाढांत मुंबईच्या बाजारांत मुख्यतः तोच असतो. घट्ट अंगाचा, कोरड्या मानेचा, मोड न आलेला असा हा कांदा वाट्यांना उत्तम. अलिबागच्या पांढऱ्या कांद्याला २०२१ सालीं भौगोलिक मानांकन मिळालें. तो सौम्य व गोड खरा, पण कच्चा खाण्यांतच त्याची खरी चव; त्याला तासभर चुलीवर ठेवणें व्यर्थ होय.

कांदा चिरतांना त्याच्या पेशी फुटतात, आंतील गंधकयुक्त द्रव्यें व विकरें एकत्र येतात आणि डोळ्यांना झोंबणारा वायु निर्माण होतो. हा वायु होण्यास एक निराळेंच विकर लागतें, हें जपानी संशोधकांनीं २००२ सालीं दाखवून दिलें. थंडाव्यानें विकरांचें काम मंदावतें. म्हणून कांदे अर्धा तास शीतकपाटांत ठेवून मग धारदार सुरीनें चिरावे. अश्रु अगदींच टळत नाहींत, पण आवरतात.

चोवीस वाट्यांना पाऊण किलो कांदा लागतो. तो उभा व पातळ चिरावा. जाड बुडाच्या पातेल्यांत दोन मोठे चमचे तूप तापवून त्यांत कांदा व अर्धा लहान चमचा मीठ घालावें. मिठानें पाणी सुटतें. दहा मिनिटें झांकण ठेवून कांदा मऊ होऊं द्यावा. मग झांकण काढून मंद आंचेवर आणखी अर्धा तास, कधीं चाळीस मिनिटेंही, मधून मधून हालवीत राहावें. तळाशीं धरूं लागल्यास पाण्याचा एक हबका द्यावा. कांद्यांत शेंकडा ८५ हून अधिक पाणीच असतें. तें जसजसें आटतें तसतसा कांद्याचा उग्रपणा जातो, त्याची स्वतःची साखर एकवटते, आणि रंग प्रथम सोनेरी व मग तांबूस होतो. शेवटीं पातेल्यांत जेमतेम एक तृतीयांश ऐवज उरतो. येथें उतावीळपणा नडतो. आंच वाढविली कीं कडा करपून कडू होतात आणि मधला भाग कच्चाच राहतो. रंगासाठीं साखर घालण्याची गरज नाहीं, आणि सोडा घातला तर कांद्याचा लगदा होतो.

कांदा निवल्यावर त्यांत १०० ग्रॅम चक्का, एक मोठा चमचा भाजलेलें बेसन, दोन बारीक चिरलेल्या हिरव्या मिरच्या, मिरपूड व कोथिंबीर मिसळावी. अंड्यानें सारण जसें बांधलें जातें तसेंच तें चक्का-बेसनानेंही बांधलें जातें.

पारीसाठीं २०० ग्रॅम मैदा, १०० ग्रॅम थंड लोणी, अर्धा लहान चमचा मीठ व तितकाच ओंवा घ्यावा. लोणी बोटांच्या टोंकांनीं मैद्यांत चोळावें. मिश्रण रव्यासारखें दिसूं लागलें कीं तीन चार मोठे चमचे बर्फाचें पाणी शिंपडून गोळा जुळवावा. पोळीच्या कणकेसारखा तो मळूं नये. मळल्यानें पारी चिवट होते. अर्धा तास शीतकपाटांत ठेवून गोळा लाटावा, वाटीनें चकत्या पाडाव्या आणि त्या लहान सांच्यांत बसवून कांट्यानें टोंचाव्या. असे सांचे क्रॉफर्ड मार्केटाच्या आसपासच्या दुकानांत मिळतात. पारी फुगूं नये म्हणून वर कागद ठेवून त्यावर मूठभर सुके चणे घालावे, आणि १८० अंश उष्णतेवर पंधरा ते अठरा मिनिटें भाजावें. शेवटचीं पांच मिनिटें चणे व कागद काढून घ्यावे. ज्या घरीं ओव्हन नसेल तेथें जाड कढईंत मिठाचा थर देऊन, त्यावर तिवई व ताटली ठेवून, झांकणाखालीं भाजतां येतें. मात्र वेळ थोडा अधिक लागतो.

या पदार्थाचा खरा लाभ आतां ध्यानांत येईल. रिकाम्या वाट्या घट्ट झांकणाच्या डब्यांत चार दिवस राहतात. पावसाळी हवेनें त्या मऊ पडल्याच तर पांच मिनिटें पुन्हां भाजल्यानें कुरकुरीत होतात. सारण आदल्या दिवशीं करून शीतकपाटांत ठेवावें. पाहुणे यावयाच्या थोडें आधीं वाट्या भराव्या आणि मंडळी स्थिरस्थावर होतांच बारा ते पंधरा मिनिटें भाजावयास ठेवाव्या. भरून मात्र फार वेळ ठेवूं नये, नाहीं तर बूड ओलें होतें. श्रमाचा भाग सारा आदल्या दिवशीं होऊन जातो. पाहुण्यांच्या देखत उरतें तें तबक बाहेर काढणें, आणि हें काम घरांतील शाळकरी मुलाला किंवा यजमानांनाही साधण्यासारखें आहे.

माटुंग्याच्या बाबतींत आणखी एक गोष्ट सांगितली पाहिजे. १८९६ च्या प्लेगनंतर १८९८ सालीं स्थापन झालेल्या इम्प्रूव्हमेंट ट्रस्टनें दादर-माटुंग्याची वस्ती आंखली, आणि तेथें दाक्षिणात्य, गुजराती, कच्छी व मराठी कुटुंबें शेजारीं शेजारीं राहावयास आलीं. १९४० सालीं कॅफे मद्रास व १९४२ सालीं रामा नायक यांचें उडपी भोजनालय तेथें सुरू झालें. उडपीच्या मठाच्या परंपरेंतील स्वयंपाकांत कांदा-लसूण घालीत नाहींत. आणि कांदा-उत्तप्पा तर याच वस्तींतील हॉटेलांतून रोज खपतो. तात्पर्य, कांदा आवडीनें खाणारा व कांदा मुळींच न खाणारा हे दोघेही एकाच जिन्यानें चढउतार करतात. शेजाऱ्यास बोलावावें आणि त्याच्यापुढें नुसता चहाचा पेला ठेवावा, हें बरें दिसत नाहीं. म्हणून चोवीसांतील सहा वाट्या कांद्यावांचून कराव्या. मक्याचे कोवळे दाणे व ढोबळी मिरची तुपावर परतून त्यांत भरावी. कित्येक जैन घरीं दह्याबरोबर डाळीचें पीठ चालत नाहीं. तेव्हां या सहा वाट्यांच्या सारणांत बेसनाऐवजीं तांदळाची पिठी घालावी. त्या आधीं भाजाव्या, त्यांचें पातेलें, चमचा व तबक निराळें असावें, आणि देतांना त्यांत काय आहे व काय नाहीं हें स्पष्ट सांगावें. सांगितल्यानें खाणाऱ्याच्या मनांतील शंका जाते व तो निश्चिंतपणें खातो.

भज्यांना रजा द्यावी असा याचा अर्थ नव्हे. घरचीं चार माणसें असतील तेव्हां कढई चुलीवर चढावी आणि भजीं एकामागून एक ताटांत पडावीं. तेथें स्वयंपाकघर हाच दिवाणखाना असतो. परंतु पाहुणे यावयाचे असतील त्या दिवशीं पदार्थ ठरवितांना तो चवीला कसा लागेल एवढेंच न पाहतां, तो करणारीला बसावयास मिळेल कीं नाहीं, हेंही विचारून घ्यावें. येत्या कांदेनवमीस वाट्यांचें तबक मध्यें ठेवून तिच्यासाठीं एक खुर्ची आधींच राखून ठेवावी.