लायसनचं बुक हरवलं तर
(चिखलदरा येथील भाषण)



ज्वारी निसवली की रानडुकरं येतात, आपण जागलीला जातो. कोणाकडे पीक राखायच्या परवान्याची ठासणीची बंदूक आहे. त्या लायसनचं बुक हरवलं तर ‘जाऊ द्या, नवं काढू’ म्हणू नका. १९७२ च्या वन्यजीव कायद्याचं कलम ३४ पहा. अभयारण्यापासून १० किलोमीटरच्या आत नवा परवाना मुख्य वन्यजीव रक्षकाच्या संमतीशिवाय मिळत नाही. अन् आपण तर मेळघाटातच बसलो आहोत! म्हणून आधी ठाण्यात हरवल्याची नोंद करा, मग अमरावतीला कलेक्टर कचेरीत डुप्लिकेटचा अर्ज द्या. तोवर बंदूक खांद्यावर टाकून हिंडू नका. लायसन दाखवता आलं नाही तर शस्त्र कायद्याच्या कलम १९ खाली पोलीस ती जप्त करू शकतात. अन् डुकरावर गोळी झाडायला वनखात्याची परवानगी वेगळी लागते.