इंग्रजीतला तुका आपण वाचायचा

मराठीतून इंग्रजीत गेलेल्या कवितेचा आढावा मी या अध्यक्षीय भाषणात घ्यावा, अशी संयोजकांची अपेक्षा होती. तो आढावा एका कवीपाशीच अडणार आहे, कारण फार वर्षे मनात साचलेली तक्रार त्याच्याच कामाच्या आधाराने नीट मांडता येते. दिलीप चित्रे यांचे अनुवाद मराठीने मिरवले, पण वाचले नाहीत.

१९९४ साली साहित्य अकादमीने चित्रे यांना दोन पुरस्कार दिले. एक ‘एकूण कविता’च्या पहिल्या खंडाला, दुसरा ‘सेज तुका’ या तुकारामाच्या इंग्रजी अनुवादाला. त्या गौरवाचा आनंद मलाही झाला होता. पण तेव्हापासून या कवीची जणू वाटणीच झाली. मराठीचे समीक्षक त्याची मराठी कविता वाचतात, इंग्रजी विभागातले अभ्यासक त्याचे अनुवाद वाचतात, आणि दोन्ही पुस्तके एका टेबलावर ठेवून वाचणारा क्वचितच भेटतो. यामागे एक घट्ट समजूत आहे: अनुवाद म्हणजे आपला माल परदेशी धाडणे. माल बंदरातून निघाला की धाडणाऱ्याचे काम संपले!

चित्रे यांच्या कामाचा क्रमच ही समजूत खोडून काढतो. ‘पुन्हा तुकाराम’ हे त्यांचे मराठी पुस्तक १९९० चे, ‘सेज तुका’ १९९१ चे. तुकारामाचे अनुवाद त्यांनी तरुणपणीच सुरू केले होते. म्हणजे इंग्रजीत कित्येक वर्षे झुंज घेतल्यावर हा कवी मराठी वाचकाकडे वळला आणि म्हणाला, आता तुकाराम पुन्हा वाचू या. पुस्तकाच्या नावातच ते आहे. अभंग आपल्याला चालीसकट पाठ असतो, त्यामुळे त्यातला युक्तिवाद कानावरून निसटून जातो. सहा-सहा-सहा-चार अक्षरांचा तो ठेका आणि दुसऱ्या-तिसऱ्या चरणांचे यमक इंग्रजीत आणण्याचा हट्ट चित्रे यांनी धरला नाही. चाल गळाली, तेव्हा उरला तो देवाशी भांडणारा, दुष्काळात होरपळलेला, स्वतःच्या कवित्वावर शंका घेणारा देहूचा माणूस. हे वाचन समीक्षेचे आहे, आणि त्याची सर्वांत जास्त गरज ज्याला अभंग पाठ आहेत त्यालाच आहे.

यावर पहिला आक्षेप असा, की गाता न येणारा अभंग अभंगच नव्हे. नुकसान होते, हे मला मान्य आहे, आणि ते लहान नाही. पण दिंडीत गाणाऱ्याकडून हा अनुवाद काही हिरावून घेत नाही. गाथा गायली गेली तशी ती लिहिलीही गेली, छापली गेली, तिच्या पाठभेदांवर विद्वानांनी आयुष्ये घालवली. कागदावरच्या तुकारामाला कागदावरचा वाचक असायला हरकत कसली? चित्रे यांच्याआधी फ्रेझर आणि मराठे या अनुवादकांनी १९०९ ते १९१५ या काळात तीन खंडांत तुकाराम इंग्रजीत नेला. काम मोठे, निष्ठेचे, अर्थ सांगणारे. तरी ते कवितेपर्यंत क्वचितच पोचते. तिथे पोचायला कवीच लागला.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. चित्रे यांनी तुकारामाला चित्रे करून टाकले, साडेचार हजारांहून अधिक अभंगांतून आपल्या स्वभावाचे तेवढे वेचले, असे म्हणतात. निवड झाली आहे, हे खरेच. आधुनिक शहरी एकटेपण काही ठिकाणी डोकावते, हेही खरे. पण याच हाताने ज्ञानदेवांचे ‘अनुभवामृत’ इंग्रजीत नेले आणि २००७ साली नामदेव ढसाळांची कविताही. तिन्ही शेजारी ठेवा. एकीकडे तत्त्वविचाराची आटीव बांधणी, दुसरीकडे ढसाळांच्या गोलपिठ्याचा शिवराळ, अनावर लोंढा, आणि मधे तुकारामाचे रोखठोक बोलणे. प्रत्येकावर आपलाच आवाज लादणाऱ्याला ही तीन वेगळी इंग्रजी साधली नसती. शिवाय एवढ्या अंतरावरच्या तीन कवींना एकाच मराठी परंपरेत बसवणे ही साहित्येतिहासाची भूमिका आहे. १९६७ साली, अवघ्या एकोणतिसाव्या वर्षाच्या आसपास, १९४५ ते १९६५ च्या मराठी कवितेचे इंग्रजी संकलन काढताना त्यांनी हेच काम आरंभले होते. आपल्या साहित्येतिहासांनी या भूमिकेशी वाद घालायला हवा होता. निदान वाद तरी!

म्हणून एम.ए. मराठीच्या वर्गात ‘सेज तुका’ लावा, असे मी म्हणतो. मराठीच्या पोरांना इंग्रजी कशाला, हा प्रश्न मला लटका वाटतो. चित्रे दोन्ही भाषांत कविता लिहीत होते आणि त्यांचा अर्धाच अभ्यास करून कोणी त्यांच्यावर मत देऊ नये. मूळ अभंग आणि अनुवाद समोरासमोर छापलेली अभ्यासप्रत हवी. कोणते अभंग घेतले, कोणते गाळले, याची गाथेबरहुकूम नोंद हवी. खर्च, हक्क, संपादक यांचे तपशील मी आज ठरवून आलेलो नाही. पण ही नोंद दोघा-तिघा अभ्यासकांना मिळून सुरू करता येईल. ज्यांची तयारी असेल त्यांनी दुपारच्या सत्राआधी कार्यवाहांकडे नावे द्यावीत.