खेळातलं नाव बदलताना

(महिला संघटनांच्या कार्यकर्त्यांच्या अभ्यासशिबिरात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मारहाण, पोटगी, रेशन, गावातलं दारूचं दुकान या विषयांवर आपण शिबिरांत पुष्कळ बोलतो. आज मी बोलणार आहे मोबाइलवर आणि कॉम्प्युटरवर खेळल्या जाणाऱ्या खेळांबद्दल. त्यातही एका बारीकशा वाटणाऱ्या गोष्टीबद्दल, खेळातलं नाव बदललं की काय होतं. काहीजणींना वाटेल, हे कसले लाड! पण ऑनलाइन त्रास होतो म्हणून ज्या मुली आमच्या समुपदेशन केंद्रावर येतात, त्यांना घरच्यांनी, मैत्रिणींनी आधीच एक सल्ला दिलेला असतो. "नाव बदलून टाक, प्रश्न मिटला." हा सल्ला कितपत उपयोगी पडतो आणि मुलीला तो केवढ्याला पडतो, हे आपल्याला ठाऊक असायला हवं.

नाव बदलणं बायकांना नवं नाही. ताटातल्या तांदळात अंगठीने नवं नाव लिहिण्याचा विधी आपल्यापैकी अनेकींच्या लग्नात झाला असेल. डॉक्टर आनंदीबाई जोशी माहेरच्या यमुना. रमाबाई रानडेही माहेरच्या यमुनाच. हे झालं दुसऱ्याने दिलेलं नाव. पण बाईने स्वतःहून घेतलेलं नावही आपल्याकडे आहे. १९३३ साली 'कळ्यांचे निःश्वास' प्रसिद्ध झालं ते 'विभावरी शिरूरकर' या नावाने. केवढा गदारोळ झाला, आणि ही बाई कोण याचा केवढा शोध सुरू झाला! लिहिणाऱ्या होत्या बाळूताई खरे, पुढे लग्नानंतरच्या मालतीबाई बेडेकर. एकाच बाईची तीन नावं, एक माहेरचं, एक सासरचं आणि एक स्वतः निवडलेलं. मोकळेपणाने बोलता यावं म्हणून घेतलं, ते हे तिसरं. खेळात मुली जे नाव घेतात, ते या तिसऱ्या जातीचं असतं. म्हणून ते टाकायला लावणं ही किरकोळ गोष्ट नव्हे.

आता थोडं यंत्राचं समजून घेऊ. अवघड काही नाही.

बँकेच्या पासबुकावर आपलं नाव असतं, पण बँक आपल्याला ओळखते ती खाते क्रमांकावरून. बहुतेक खेळांतही असंच असतं. लोकांना दिसतं ते नाव, आणि त्याच्यामागे असतो एक क्रमांक. आपण किती सामने जिंकलो, कोणत्या पायरीवर आहोत, पैसे देऊन काय विकत घेतलं, हे सगळं त्या क्रमांकाला चिकटलेलं असतं. म्हणून नाव बदललं तरी खेळ जागच्या जागी राहतो. 'स्टीम' नावाच्या दुकानावरून कॉम्प्युटरचे खेळ घेणाऱ्यांना ही रचना चांगली माहीत असते. तिथे खात्यात शिरण्याचं नाव कधीच बदलत नाही, दर्शनी नाव हवं तेव्हा बदलता येतं, आणि मागचा १७ आकडी क्रमांक कायमचा असतो. 'लीग ऑफ लेजंड्स' या खेळाने नोव्हेंबर २०२३ मध्ये जुनी नावं काढून नाव आणि त्यापुढे एक छोटी खूण अशी जोडी आणली. नावं बदलली, पण खेळाडूंची कमाई बुडाली नाही.

पण सगळीकडे असं नव्हतं. सोनी कंपनीचं 'प्लेस्टेशन नेटवर्क' २००६ साली सुरू झालं. तिथे एकदा घेतलेलं नाव बदलण्याची सोयच नव्हती. पंधरा वर्षांच्या मुलाने गमतीत घेतलेलं नाव पंचविशीतही त्याच्या गळ्यात. ही सोय मिळायला एप्रिल २०१९ उजाडलं, म्हणजे बारा वर्षं उलटून गेली. पहिला बदल फुकट, पुढचे पैसे देऊन. पण त्याबरोबर कंपनीने स्वतःच इशारा दिला, की सगळे खेळ हा बदल पेलतील असं नाही. काही खेळांत आजवरची प्रगती जाऊ शकते, विकत घेतलेल्या वस्तू, खेळातलं चलन, मिळवलेली पदकं जाऊ शकतात, आणि काही ठिकाणी जुनं नाव तसंच दिसत राहू शकतं. फारच बिघडलं तर जुन्या नावावर परत जाण्याची मुभा ठेवली होती.

असं का व्हावं? कारण नाव कधी बदलायचंच नाही असं गृहीत धरून काही जुने खेळ बांधले गेले होते. त्यांनी क्रमांकाऐवजी नावालाच खूण मानलं. नाव बदललं की खेळाच्या लेखी तो माणूस नवा, आणि जुन्याची कमाई बेवारस.

हे ऐकताना तुम्हाला आपल्याच बायका आठवल्या असतील. दहावीच्या प्रमाणपत्रावर एक नाव, रेशनकार्डावर दुसरं, सातबाऱ्यावर तिसरं, आणि ही तिन्ही आपणच आहोत हे सिद्ध करायला प्रतिज्ञापत्र आणि राजपत्र. नोंद नावावर बांधली की नाव बदलणाऱ्याचं नुकसान होतं, आणि आपल्या समाजात नाव बदलावं लागतं ते बहुतेक बाईलाच.

मग क्रमांक असला की सगळं ठीक? इथे खरी गोम आहे. ज्या क्रमांकामुळे मुलीची कमाई वाचते, त्याच क्रमांकामुळे पाठलाग करणाऱ्यालाही ती सापडते.

आमच्याकडे आलेल्या एका मुलीचं सांगते. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. वय १९, तालुक्याच्या गावी कॉलेजात. मोबाइलवर चौघांचा गट करून खेळायचा नेमबाजीचा खेळ ती खेळायची, आणि चांगली खेळायची. गटातल्या एकाने आधी कौतुक केलं, मग फोन नंबर मागितला, नाही म्हटल्यावर घाण संदेश सुरू केले. तिने नाव बदललं. चौथ्या दिवशी त्याचा संदेश आला, "नवीन नाव छान आहे."

ती मला म्हणाली, "ताई, तो माझ्या घरात बसलाय असं वाटलं." त्याला कसं कळलं, ते आम्ही दोघींनी मिळून शोधलं. तो तिच्या मित्रयादीत अजून होताच, आणि यादीत तिचं नवं नाव आपोआप उमटलं होतं. यादीतून काढलं असतं तरी तिचा क्रमांक त्याच्याकडे जुन्या स्क्रीनशॉटमध्ये होता, आणि क्रमांक टाकून खेळाडू शोधता येत होता. ती ज्या कायमच्या गटात होती, तिथली यादी सगळ्यांना दिसत होती. आणि नवं नाव तिने इन्स्टाग्रामवरही तेच ठेवलं होतं. नाव बदललं होतं, पण दारं चारही उघडी होती.

तिने हे घरी सांगितलं नव्हतं. सांगितलं तर फोन जाणार, आणि फोन गेला की खेळाबरोबर कॉलेजचे ग्रुप, मैत्रिणी, नोकरीच्या जाहिराती सगळंच जाणार. गुन्हा त्याचा आणि नजरकैद हिला. या भीतीमुळेच मुली गप्प बसतात आणि एकट्याच नावं बदलत राहतात.

नाव बदलल्याने खेळण्यावर काय परिणाम होतो, हेही बघायला हवं. पुष्कळ मुली पुरुषी किंवा कुणाचंच न वाटणारं नाव घेतात. पण गटाने खेळायच्या खेळात बोलावं लागतं. शत्रू कुठे आहे, मदत कुणाला हवी, हे माइकवर सांगावं लागतं. नाव लपलं तरी आवाज लपत नाही. अमेरिकेत कुझनेकॉफ आणि रोझ या दोन अभ्यासकांनी 'हेलो ३' या खेळात एक प्रयोग केला. आधी ध्वनिमुद्रित केलेली तीच ती वाक्यं काही सामन्यांत पुरुषाच्या आवाजात आणि काही सामन्यांत बाईच्या आवाजात ऐकवली. बाईच्या आवाजाला पुरुषाच्या आवाजाच्या तिप्पट वाईट शेरे मिळाले. त्याच खेळावर २०१५ साली आलेल्या दुसऱ्या अभ्यासात दिसलं, की बाईशी जास्त वाईट वागणारे पुरुष हे कमी चांगलं खेळणारे होते. चांगलं खेळणाऱ्यांना तिच्या असण्याने तेवढं काही वाटत नव्हतं. पायरीवरून घसरण्याची भीती ज्यांना जास्त, त्यांचा राग जास्त. घरात आणि कामाच्या ठिकाणी आपण हेच पाहतो ना?

म्हणून मुलगी माइक बंद करते. माइक बंद केल्यावर तिचा गट हरतो, आणि मग "मुलींना खेळता येत नाही" हे म्हणायला सगळे मोकळे.

आणि नाव लपवण्याची सोय प्रत्येकीला असतेच असंही नाही. नागपूरची दिव्या देशमुख पटावर स्वतःच्या नावानेच बसते. जानेवारी २०२४ मध्ये नेदरलँड्समधल्या स्पर्धेनंतर तिने जाहीरपणे लिहिलं, की प्रेक्षक तिच्या चालींपेक्षा कपडे, केस आणि उच्चार यांच्यावरच बोलत होते. तेव्हा ती १८ वर्षांची होती. जुलै २०२५ मध्ये ती महिला विश्वचषक जिंकली. तिने नाव बदलावं असं कुणी म्हणेल का? तिच्याबद्दल जे आपल्याला विचित्र वाटतं, तेच गल्लीतल्या मुलीला सांगताना आपल्याला शहाणपणाचं वाटतं.

दुसरी एक बाजू विसरून चालणार नाही. काहींसाठी नाव बदलणं म्हणजे लपणं नसतं, उलट पहिल्यांदा स्वतःच्या नावाने उभं राहणं असतं. आपल्या ट्रान्स मैत्रिणींचं असं आहे. नको असलेलं जुनं नाव खेळात मध्येच पुन्हा उमटलं, तर ती त्यांच्यासाठी केवळ तांत्रिक चूक राहत नाही. चारचौघांत त्यांना उघडं पाडण्याची ती गोष्ट होते.

तर मग कार्यकर्ती म्हणून आपण काय करायचं? नाव बदलू नका, असं मी म्हणत नाही. नाव बदलणं ही शेवटची पायरी ठेवा, पहिली नको.

आधी पुरावा. संदेशांचे स्क्रीनशॉट घ्यायचे, त्यात तारीख आणि त्याचा क्रमांक दिसला पाहिजे. नाव तोही बदलू शकतो, क्रमांक सहसा बदलत नाही. जो क्रमांक आपल्याला उघडा पाडतो, तोच त्यालाही पकडून देतो. घाईघाईत खातं बंद करू नका, पुरावाही जाईल. त्याला एकदा स्पष्ट शब्दांत "मला संपर्क करू नकोस" असं लिहायचं आणि तेही जपून ठेवायचं. मग खेळातच तक्रार आणि ब्लॉक. मग मित्रयादी आणि गटांची साफसफाई. मग इतर खात्यांशी असलेली जोडणी तोडायची. 'स्टीम'सारख्या ठिकाणी आधीच्या नावांची यादी दिसते, ती पुसायची. आणि हे सगळं झाल्यावर नाव बदलायचं, ते दुसरीकडे कुठेही वापरलेलं नसावं. विश्वासातल्या सवंगड्यांना वेगळ्या मार्गाने कळवायचं, म्हणजे ती एकटी पडणार नाही.

कायदाही आपल्या बाजूला आहे. पाठलाग हा गुन्हा २०१३ साली भारतीय दंड संहितेत ३५४ ड म्हणून आला. १ जुलै २०२४ पासून तो भारतीय न्याय संहितेच्या कलम ७८ मध्ये आहे. नको म्हटल्यावरही पुन्हापुन्हा संपर्क साधणं आणि बाईच्या इंटरनेट वापरावर पाळत ठेवणं हे दोन्ही त्यात येतं. पहिल्या गुन्ह्याला ३ वर्षांपर्यंत शिक्षा, पुन्हा केला तर ५ वर्षांपर्यंत. मुलगी १८ च्या आतली असेल आणि हेतू लैंगिक असेल, तर २०१२ चा पोक्सो कायदा लागतो. राष्ट्रीय सायबर गुन्हे पोर्टलवर बायका आणि मुलांवरच्या अशा काही तक्रारी नाव न देताही नोंदवता येतात. "खेळातलं भांडण आहे, खेळू नकोस" असं ठाण्यात सांगितलं, तर कलमाचा आकडा माहीत असलेली बाई शेजारी बसलेली असली पाहिजे. ती आपण व्हायचं.

आणि खेळ चालवणाऱ्या कंपन्यांकडे आपल्या मागण्या असल्या पाहिजेत. त्रासाची तक्रार केलेल्या मुलीला नाव फुकट बदलून मिळावं. नवं नाव ब्लॉक केलेल्याला कुठेही दिसू नये. क्रमांक टाकून शोधण्याची सोय बंद करण्याचा हक्क तिला असावा. तक्रार मराठीत करता यावी. यातलं काहीही तंत्राच्या दृष्टीने अवघड नाही. अजून कुणी जोर लावून मागितलेलं नाही, एवढंच.

पुढच्या महिन्यात आपापल्या वस्तीतल्या किशोरी गटात एक बैठक फक्त यावर घ्या. मुलींना विचारा, काय खेळता, कोणत्या नावाने खेळता, ते नाव कसं सुचलं. पहिल्या दिवशी सल्ला देऊ नका. नुसतं ऐका. आणि फोन काढून घेतला जाणार नाही, एवढं वचन त्यांच्या आयांकडून आधी मिळवा. त्याशिवाय त्या काही सांगणार नाहीत.