रिव्हिअरच्या हातातली किटली

अमेरिकेतील इंग्रज वसाहतींत चित्रकला म्हणजे मुख्यतः व्यक्तिचित्रेच. राजदरबार नव्हता, आणि न्यू इंग्लंडमधील प्युरिटनांच्या प्रार्थनाघरांत चित्राला थारा नव्हता. पैसे मोजणारा होता व्यापारी, आणि त्याला हवे असत घरच्यांचे चेहरे.

बॉस्टनच्या एका अनाम चित्रकाराने १६७१च्या सुमारास एलिझाबेथ फ्रीक या व्यापाऱ्याच्या पत्नीचे चित्र रंगवले. १६७४मध्ये तिला मुलगी झाली, तेव्हा त्याच चित्रात तिच्या मांडीवर बाळ रंगवून घेण्यात आले. क्ष-किरणांत खालचे जुने हात दिसतात. कुटुंब वाढले की कपाटाला फळी वाढवावी, तसाच हा व्यवहार.

१७३८मध्ये जन्मलेल्या जॉन सिंगल्टन कॉप्लीला नेमके हेच सलत असे. लोक चित्रकाराला सुतार, शिंपी, चांभार यांच्या रांगेत बसवतात, अशी त्याची तक्रार होती. युरोपातील थोर चित्रे त्याने पाहिली नव्हती. तो शिकला तो बराचसा छापील चित्रांवरून. तरीही उडत्या खारीसह रंगवलेले आपल्या सावत्र भावाचे चित्र त्याने लंडनला धाडले, आणि १७६६च्या प्रदर्शनात इंग्रज चित्रकार जोशुआ रेनॉल्ड्सने ते वाखाणले.

त्याचे १७६८चे पॉल रिव्हिअरचे चित्र मात्र त्या तक्रारीलाच उत्तर वाटते. रिव्हिअर चांदीकाम करणारा कारागीर. अंगात कोट नाही, सैल पांढरा सदरा, हनुवटी उजव्या हातावर टेकलेली. डाव्या हातात चांदीची किटली, अजून नक्षी न कोरलेली; कोरण्या समोरच्या टेबलावर पडल्या आहेत. किटलीच्या चकचकीत पोटात त्याचीच बोटे उमटली आहेत. टेबलाचे गुळगुळीत लाकूड, धातू, कातडी, सगळे एकाच निगुतीने रंगवलेले. कारागिराची इतकी कदर दुसऱ्या कारागिरालाच असते.

पाच वर्षांनी ब्रिटिशांच्या चहावरील कराच्या निषेधात बॉस्टनच्या बंदरात चहाच्या पेट्या बुडवल्या गेल्या. त्या चहाच्या अडत्यांत कॉप्लीचे सासरे होते. १७७४मध्ये कॉप्ली शहर सोडून लंडनला गेला. १८१५मध्ये लंडनमध्येच तो वारला.

पुढे स्वतंत्र झालेल्या अमेरिकेला चेहरा दिला चित्रकार गिल्बर्ट स्टुअर्टने. १७९६मधले त्याचे जॉर्ज वॉशिंग्टनचे चित्र त्याने मुद्दाम अपुरे ठेवले, स्वतःजवळच राखले आणि त्याच्या नकला शंभर-शंभर डॉलरला विकल्या. एक डॉलरच्या नोटेवर तेच मुख आहे, फक्त कोरताना उलट्या दिशेला वळलेले.